नागाच्या मोऱ्या

मी ज्या घरात वाढले त्याची पाठभिंत राजवाड्याची होती. बाकीच्या तीन भिंती, कौलं, दारं, न्हाणी हे सगळं पुढे कधीतरी कुणीतरी तिला चिकटवलेलं. दुसरबीडहून एसटीने येताना आमच्या गावचा तो राजवाडा फार लांबून दिसायचा आणि गाडीतला एखादा नवखा माणूस हे काय आहे म्हणून विचारायचाच. मी आणि ताई एकमेकींकडे बघून गप्प बसायचो. आमचं घर आहे म्हणून सांगितलं तर कोण विश्वास ठेवणार, आणि ठेवलाच तर उतरल्यावर घर दाखवा म्हणून मागे लागणार. गावाचं नाव मी इथे मुद्दाम लिहीत नाही. ज्यांना कळायचं त्यांना कळेलच.

राजवाडा कसा होता ते आधी सांगते, नाहीतर पुढचं काही ध्यानात यायचं नाही. निजामशाहीतल्या कुणा सरदाराने तो बांधला, एवढं गावात सगळे सांगत. रस्त्याच्या अंगाला मोठा दगडी दरवाजा, त्याच्यावर नगारखाना. दरवाज्यातून आत गेलं की खालचा चौक. चौकाच्या पलीकडच्या बाजूला काळ्या दगडांची, दोन पुरुष उंचीची भिंत, आणि त्या भिंतीच्या माथ्याच्या पातळीला वरचा चौक. म्हणजे वरचा चौक ही खरी जमीन नव्हेच. सरदाराने तिथे मातीची भर घालून उंचवटा केला, वर फरसबंदी केली आणि ती सगळी माती त्या एका भिंतीने पोटाशी धरून ठेवली. वर दरबाराची इमारत, तिचे सागवानी खांब, चुन्यातल्या महिरपी, हाताच्या पंजाएवढ्या चपट्या विटा. त्या दरबारात हायस्कूल भरायचं. माझे बाबा त्या हायस्कुलात क्लार्क होते, म्हणून आम्हाला खालच्या चौकात, भिंतीला पाठ लावून बांधलेल्या तीन खोल्या राहायला मिळाल्या होत्या. मुलं आमच्या डोक्यावर पाढे म्हणायची आणि आम्ही खाली भाकरी थापायचो.

भिंतीच्या पायथ्याशी ओळीने भोकं होती. दगड घडवतानाच ठेवलेली, नीट चौकोनी, हात कोपरापर्यंत आत जाईल एवढी. त्यांतली काही उघड्या चौकात होती, काही आमच्या खोल्यांच्या आत आली होती. एक स्वयंपाकघरात, चुलीच्या डावीकडे. एक मधल्या खोलीत. पावसाळा लागला की त्यांतून पाणी गळायचं, पाऊस उघडला तरी गळत राहायचं, आणि खोलीतल्या फरशीत कोरलेल्या पन्हळीतून वाहत उंबऱ्याखालून बाहेर जायचं. त्या आवाजात आम्ही झोपायचो. पाहुणे आले की त्यांना झोप लागायची नाही, आणि आम्ही कुठे लग्नाबिग्नाला परगावी गेलो की आम्हाला लागायची नाही. आई दिवसातून चारदा पोतेरं फिरवायची आणि राजाला घर बांधता येत नव्हतं असं म्हणायची.

गावातल्या बायका त्या भोकांना नागाच्या मोऱ्या म्हणत. राजाच्या खजिन्यावर बसलेला नाग त्यांतून ये-जा करतो अशी समजूत होती, आणि नाग नसला तरी साप निघत हे खरंच. नागपंचमीला वेशीबाहेरच्या वारुळाला न जाता अर्ध्या गावातल्या बायका आमच्या चौकात यायच्या. मोऱ्यांच्या दगडावर हळदकुंकू, लाह्या, दुधाचा थेंब. बाबांचं मत वेगळं होतं. बाबांना राजवाड्याचा नाद होता. कोणी साहेब, कोणी सहल आली की हेडमास्तर बाबांना पुढे घालत, आणि बाबा कोट चढवून चुन्यात बेलफळ आणि गूळ कसा घालत, तळघराचा जिना कुठे बुजवला, नगारखान्याच्या वरचा मजला अर्धवट का राहिला हे सांगत फिरत. मोऱ्यांपाशी आले की आवाज खाली आणत आणि या जंग्या आहेत असं सांगत. शत्रू दरवाजा फोडून चौकात शिरला तर त्याच्या पायांवर बंदुकीचा बार काढायला. माणसं माना डोलवायची. आई घरातून हे ऐकत असे, आणि मंडळी गेल्यावर म्हणायची, "पण त्या भिंतीच्या मांगं त मातीच आहे. मातीत उभं राहून कोण गोळ्या मारत होतं?" बाबा त्यावर तू चहा टाक म्हणत. आता वाटतं, आमच्या घरात त्या भोकांबद्दल विचारलेला हा एकच शहाणा प्रश्न होता आणि आम्ही सगळे त्याला हसलो.

घरात तिसरी मोठी व्यक्ती म्हणजे आत्या. बाबांची थोरली बहीण, लवकर विधवा झालेली आणि तेव्हापासून भावाकडे. बाबा तिला अक्का म्हणत, तिचं ऐकूनच वाढलेले, आणि चाळिशी उलटली तरी तिच्यासमोर पायावर पाय टाकून बसत नसत. मी विमल, तर ती मला इमल म्हणायची. तिच्या हातच्या ज्वारीच्या कण्या आणि अंबाडीची भाजी मला अजून आठवते, आणि तिचं सोवळंओवळंही. कोणत्या वारी काय चिरायचं नाही, कोणत्या दिवशी काय शिवायचं नाही, हे तिच्या तोंडी असायचं. मी तिच्यावर चिडायचे. पण मला गोवर आला होता तेव्हा सगळे दिवस माझ्या उशाशी बसून राहिली होती ती तीच. माणसाचा राग आणि माया एकाच ठिकाणी कशी ठेवायची हे मला तेव्हा कळत नव्हतं, आणि अजूनही पुरतं कळलेलं नाही.

ज्या वर्षाचं हे सांगते आहे, त्या वर्षी ताई पहिल्या बाळंतपणाला माहेरी आली होती. मधली खोली तिच्यासाठी रिकामी केली. खिडकी नाही, वारा नाही, पाठीला राजाची भिंत, म्हणून बाळंतिणीला याहून चांगली जागा नाही असं आत्याचं म्हणणं. बाज टाकली, शेगडी आणली, ओवा-शेपा निवडून ठेवला. आणि ताईला नववा लागला असताना एका दुपारी आई केर काढायला वाकली तर बाजेखाली नाग. मोरीच्या तोंडाशी वेटोळं करून, फणा न काढता, निवांत. ताईला कसं उठवून बाहेर काढलं ते मला सांगता येणार नाही, कारण मी गल्लीत माणसं बोलवायला पळाले होते.

गल्लीतली माणसं काठ्या घेऊन आली. आत्या दारात आडवी उभी राहिली. "त्याले कोणी हात लावायचा नाही," ती म्हणाली. "घर त्याचं आहे. आपण त भाडेकरू आहो." नाग मारायचा नाही यावर बाबांचंही दुमत नव्हतं, पहिलटकरणीच्या घरात तर नाहीच. पण त्याला येऊ द्यायचा तरी किती. तेव्हा बाबांनी तोडगा काढला, आणि तो सगळ्यांना पटला. मोऱ्या बुजवायच्या. सगळ्याच, कारण एक बुजवली तर तो शेजारच्या मोरीतून येईल. जंग्यांचा आता उपयोग काय, बाबा म्हणाले, आणि वर घरातली ओलही जाईल. आत्याने दोन अटी घातल्या. नाग आत कोंडला जाता कामा नये, आणि चौकातली एक मोरी पूजेसाठी राखायची. नाग परत मोरीत शिरला होता, म्हणून दुसरा दिवसभर चौकाच्या कोपऱ्यात दुधाची वाटी ठेवून आत्या ओट्यावर बसून राहिली. संध्याकाळच्या आत तो मोरीतून निघाला, वाटीकडे न बघता दरवाज्याबाहेर गेला. तिने हात जोडले, आणि मग गवंड्याने गोटे आणि सिमेंट ठासून एकेक भोक आतपर्यंत भरून टाकलं. पूजेची मोरीसुद्धा. तिचं तोंड तेवढं हातभर खोल उघडं ठेवलं, कोनाड्यासारखं. बायकांनी पुढे तिथेच हळदकुंकू वाहिलं. तिच्यामागे नुसतं सिमेंट होतं.

आम्ही किती खूश होतो म्हणून सांगू. अर्धा आषाढ कोरडाच गेला, ताईला मुलगी झाली, पाचवी पुजली, खोलीत शेगडीचा आणि ओव्याच्या धुरीचा वास भरून राहिला. घर पहिल्यांदाच कोरडं होतं. आईने पोतेरं खुंटीला टांगलं. मग पौर्णिमा उलटली आणि झड बसली. आमच्याकडची झड म्हणजे मोठा पाऊस नव्हे. बारीक, न थांबणारा, आभाळ कौलांवर टेकल्यासारखा, दिवसच्या दिवस. खडकपूर्णेला पूर आला, एसटी बंद झाली, शाळेला सुट्टी दिली. आणि मला झोप येईना. ताईच्या मुलीच्या रडण्याने असेल असं मला वाटलं. बऱ्याच दिवसांनी लक्षात आलं की ती रडत नसताना झोप येत नाही. पन्हळीतलं पाणी वाजत नव्हतं. वर कौलांवर पाऊस, आणि भिंतीच्या आत काहीच नाही. मी आईला म्हटलं. ती भिंतीवर हात फिरवून म्हणाली, "मंग ते पाणी जाऊन राह्यलं कुठं?"

नंतर एकेक दिसू लागलं. मधल्या खोलीचं दार चौकटीत अडकायला लागलं. बाबांनी त्याची कड तासली, दोन दिवसांत पुन्हा अडकलं. देवळीतली पणती एका बाजूला कलती दिसायची. दगडांच्या सांध्यांतून घामासारखे थेंब यायचे, आणि चुना पांढरा पांढरा होऊन गळून पडायचा. मी वरच्या चौकात जाऊन आले, तर फरशीवर पाणी साचलं होतं आणि भिंतीच्या कडेची फरशी खाली बसली होती, तिथे पोरांनी कागदाच्या नावा सोडल्या होत्या. बाबा माझ्याबरोबर आले, त्या पाण्याकडे पाहिलं आणि त्यांचा चेहरा उतरला. इतकी वर्षं कोट घालून लोकांना काय सांगत होतो ते त्यांना तिथे, उभ्या उभ्या, कळलं असणार. त्यांनी खाली येऊन भिंतीला डोळा लावून एका टोकाकडून बघितलं. भिंतीला पोट आलं होतं, आणि पोटाचा मध्य बरोबर ताईच्या खोलीत होता. बाबांनी आईला हळू आवाजात सांगितलं की मोऱ्या उघडायला हव्यात, सगळ्या, आणि लगेच. पण तोवर दिवे लागले होते. दुसऱ्या दिवशी नागपंचमी होती.

नागपंचमीला आमच्याकडे तवा ठेवत नाहीत, विळी उघडत नाहीत, आणि भुईत लोखंड घालत नाहीत. शेतात नांगर नाही, अंगणात कुदळ नाही, खिळासुद्धा ठोकत नाहीत. नागाला लागेल म्हणून. सकाळी आईने मोदकपात्रात पुरणाचे दिंड उकडायला ठेवले होते, आणि बाबा गवंड्याकडे जाऊन आले. गवंडी आज हात लावायचा नाही म्हणाला. दुसराही तेच म्हणाला. बाबांनी शाळेच्या कोठीतून पहार आणली आणि स्वतःच मधल्या खोलीत गेले. आत्या आधीच तिथे बसली होती, मोरीच्या जागेला पाठ लावून, मांडीवर पूजेचं ताट. ताई बाजेवर उठून बसली होती, मुलीला छातीशी धरून. मी दारात होते. बाबांनी आत्याला समजावलं, मातीतल्या पाण्याला बाहेर पडायला वाट उरली नाही हे सांगितलं, पोट आलेलं सांगितलं. तिने सगळं ऐकून घेतलं. तिला कळलं नाही असं कोणी म्हणू नये. तिला सगळं कळलं होतं. मग ती म्हणाली, "दत्तू, आधीच त्याचं दार बंद केलं आपण. आज त्याच्या दिवशी त्याच्याच दारात लोखंड घालशीन? पोरगी महिन्याची नाही झाली अजून. तिच्यावर काढन तो."

बाबांच्या हातात पहार तशीच राहिली. ते भित्रे नव्हते आणि नुसते भोळेही नव्हते. पण त्या मुलीचं नाव घेतल्यावर त्यांचा हात उचलेना. त्यांनी पहार भिंतीला टेकवली. "उद्या उजाडल्याबरोबर उघडतो, अक्का," म्हणाले. "एक दिवसाचा त प्रश्न आहे."

"भिंतीले सांगा ते," आई म्हणाली. ती स्वयंपाकघरातून येऊन माझ्या मागे उभी होती. तिने पुढे होऊन ताईच्या कानाला रुमाल बांधला, मुलीला घोंगडीत गुंडाळून माझ्या हातात दिलं आणि नगारखान्यात चल म्हणाली. आत्या उठून उभी राहिली. बाळंतिणीला महिनाभर उंबरा ओलांडू देत नाहीत, आणि झडीत तर नाहीच. वारं लागेल तिला, आत्या म्हणाली. माझ्या आईने उभ्या संसारात नणंदेला उलट उत्तर दिलं नव्हतं. त्या दिवशी दिलं. "वारं लागलं त काढा देईन," ती म्हणाली. "भिंत लागली त काय देऊ?"

आम्ही चौक ओलांडला. ताई माझ्या खांद्याला धरून चालत होती. नगारखान्याच्या जिन्यावर ती दोनदा बसली. वर गेल्यावर आईने कोरड्या कोपऱ्यात घोंगडी अंथरली. खाली चौकात गल्लीतल्या बायका पदर डोक्यावर घेऊन आल्या, त्या खोट्या मोरीला लाह्या वाहिल्या, आत्याने कहाणी सांगितली, त्या गेल्या. मग आत्या ओट्यावरून मधल्या खोलीकडे वळली. बाबांनी तिला हाक मारली. मी नगारखान्याच्या झरोक्यातून बघत होते, मला तिचं उत्तर स्पष्ट ऐकू आलं. "तुम्ही रहा तिकडं," ती म्हणाली. "भरोसा ठेवून बसणारं एक तरी माणूस पाह्यजे न घरात." आणि आत जाऊन बसली. बाबा चौकात पावसात उभे, तिला हाका मारत. अक्का, बाहेर ये. अक्का, मी उघडतो आत्ताच, तू फक्त बाहेर ये. शेवटचं ते वाक्य त्यांनी म्हटलं तेव्हा आत्या काही बोलली की नाही, मला सांगता येत नाही.

कारण तेवढ्यात मला पाण्याचा आवाज आला. आमचा रोजचा आवाज, पन्हळीतून उंबऱ्याखाली वाहणाऱ्या पाण्याचा. इतक्या दिवसांनी तो ऐकून माझा जीव असा हलका झाला की मी वळून ताईला म्हटलं, आलं पाणी, मोकळं झालं. ताई हसली. तो आवाज वाढला, आणि मग भिंत खाली बसली. पडली नाही, बसली; मध्यभागी वाकली आणि तिच्यामागून वरच्या चौकाची सगळी काळी माती, फरशी, पाणी, एकदम खाली आलं. धूळ उडाली नाही. इतकं ओलं होतं सगळं. बाबा चिखलात कमरेपर्यंत होते आणि हातांनी उकरत होते, नुसत्या हातांनी. पहार आत राहिली होती.

आत्या संध्याकाळी सापडली. तिच्या चेहऱ्यावर काय होतं ते मला कोणी पाहू दिलं नाही. गावात मग बोललं गेलं, आणि आजही बोललं जातं, की क्लार्कने नागपंचमीला पहार उचलली म्हणून राजवाड्याच्या नागाने बळी घेतला. बाबांनी हे कधी खोडलं नाही. न मारलेल्या पहारेचा दोष त्यांनी मरेपर्यंत अंगावर वागवला, कारण तो सोपा होता. सिमेंटचं कोणी विचारलंच नाही. पुन्हा त्यांनी कोणा पाहुण्याला राजवाडा दाखवला नाही, आणि तो कोट आईने बोहारणीला दिला.

आता ती भिंत नवी बांधली आहे. जुनेच दगड, जुन्यासारखाच चुना, बरी बांधली आहे. मोऱ्याही ठेवल्या आहेत. तिकीट काढून आत गेलं की एक तरुण गाईड पुढे येतो आणि त्यांच्यापाशी आवाज खाली आणून या जंग्या आहेत असं सांगतो. हे मुळात कोणी सांगितलं ते त्याला माहीत नाही. मला माहीत आहे. नागपंचमीला बायका येतात, लाह्या आणि नारळाच्या शेंड्या आतपर्यंत कोंबतात. वॉचमन तर प्लास्टिकच्या पिशव्यांचे बोळे करून एकेका मोरीत ठासतो. मी त्याला काऊन म्हणून विचारलं तर म्हणाला, "साप निघते न मावशी. पब्लिक भेते."

म्हणून मी दरवर्षी त्याच दिवशी जाते. गुडघे दुखतात, पण जाते. ताईची मुलगी, रेखा, बुलढाण्याहून येते, तिचेही केस आता पांढरे झालेत. बायकांची पूजा आटोपली की मी पिशवीतून लोखंडी सळई काढते आणि खाली बसून एकेक मोरी कोरायला लागते. मागच्या वर्षी एक नवी नवरी धावत आली, आज भुईत लोखंड घालत नाहीत म्हणून हात धरायला लागली. मी तिला मला माहीत आहे म्हटलं. आत्या बसली होती त्या मधल्या खोलीच्या जागेची मोरी मी शेवटी घेते. सळई पार आतपर्यंत जाते, बोळा निघतो, आणि थोडं थांबावं लागतं. रेखा छत्री धरून उभी असते. पाणी वाजायला लागलं, की मग मी तिथे हळदकुंकू लावते.